शिक्षकांचे ऑनलाइन बदली पोर्टल: रांग चोख, यादी कच्ची

जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शिक्षकांच्या बदल्या २०१८ पासून संगणकावर होतात. त्याआधी समुपदेशन असायचे. सभागृहात ज्येष्ठतेनुसार नाव पुकारले की समोरच्या रिक्त गावांतून तिथल्या तिथे शाळा सांगायची. यादीत न दाखवलेली गावे नंतर कोणाला मिळाली, हे मात्र कळायला मार्ग नव्हता. पोर्टलमुळे कोणाची बदली कुठे, कोणत्या संवर्गातून झाली हे सगळ्यांना दिसते. एवढ्या एका गोष्टीसाठीही ही व्यवस्था टिकली पाहिजे. मात्र तिच्यात जे बिघडते ते संगणकात बिघडत नाही. ते तालुक्याच्या टेबलावर, माहिती भरतानाच बिघडते.

हे परीक्षण जिल्ह्यांतर्गत बदल्यांपुरते आहे. त्यांचा मूळ आधार ग्रामविकास विभागाचा ७ एप्रिल २०२१ चा शासन निर्णय असून १८ जून २०२४ च्या निर्णयाने त्यात बदल झाले. रांग अशी लागते. आधी विशेष संवर्ग भाग १: गंभीर आजार, दिव्यांगत्व, विधवा, परित्यक्ता, वयाची ५३ वर्षे पूर्ण झालेले वगैरे. मग भाग २, म्हणजे पती-पत्नी एकत्रीकरण. दोघांच्या शाळांत किंवा कार्यालयांत ३० किलोमीटरपेक्षा जास्त अंतर हवे. तिसरे बदली अधिकारप्राप्त, अवघड (गैरसोयीच्या गावांच्या) क्षेत्रात ३ वर्षे काढलेले. चौथे बदलीपात्र: सर्वसाधारण क्षेत्रात सलग १० वर्षे आणि सध्याच्या शाळेत ५ वर्षे, दोन्ही अटी पूर्ण हव्यात. त्यानंतर विस्थापितांची, म्हणजे जागा गेली पण पसंतीची शाळा मिळाली नाही अशांची फेरी, आणि शेवटी अवघड क्षेत्रातल्या उरलेल्या जागा भरणे.

स्टाफरूममध्ये सगळ्यात जास्त ऐकू येणारा शब्द ‘खो’. पहिल्या तीन गटांतल्या शिक्षकाला रिक्त जागेबरोबर बदलीपात्र शिक्षकाची भरलेली जागाही मागता येते. समजा, तालुक्याच्या गावालगतच्या शाळेत एका बदलीपात्र गुरुजींना १२ वर्षे झाली आहेत. भाग १ मधल्या बाईंनी ती शाळा पहिल्या क्रमांकावर टाकली की गुरुजींना खो बसला. आता गुरुजी आपल्या पसंतीच्या गावातल्या दुसऱ्या बदलीपात्राची जागा मागणार, तो तिसऱ्याची. एका अर्जाने चार-पाच शाळा हलतात. पोर्टल ही साखळी बरोबर सोडवते, तिथे खोट काढायला जागा नाही. २०१८ च्या पहिल्या वर्षी विस्थापितांना ‘रँडम राउंड’मध्ये कुठेही जावे लागले होते. नंतरच्या नियमात पसंतीक्रम २० वरून ३० झाले आणि विस्थापितांनाही पसंती देता येऊ लागली. ही सुधारणा खरीच मोठी आहे.

पसंतीक्रम भरताना अनेक जण उगाच घाबरतात. ‘चांगली शाळा वर टाकली आणि मिळाली नाही, तर दुसरीही जाईल’ ही समजूत चुकीची आहे. आपला नंबर आला की संगणक वरून खाली पाहत येतो आणि मोकळी असलेली पहिली शाळा देतो. संवर्गात आधी सेवाज्येष्ठता, ती सारखी असेल तर वयाने मोठा पुढे. त्यामुळे खरोखर हवी ती शाळाच वर टाकावी, सावधगिरी शेवटच्या आठ-दहा पर्यायांत दाखवावी. तिथे कोणी सहसा मागत नाही अशी, पण आपल्याला जाणे-येणे जमेल अशी गावे हवीत. जागा गेली आणि तीसपैकी एकही शाळा मिळाली नाही, तर विस्थापितांच्या फेरीत उरलेसुरलेच हाती लागते. शाळेच्या नावावर विसंबू नये. एकाच नावाच्या दोन वस्त्या एका तालुक्यात असतात. शाळेची ओळख असलेला ११ अंकी यू-डायस क्रमांक ताडून घ्यावा. आपले माध्यम, आणि पदवीधर शिक्षकांनी आपला विषयगट, त्या जागेशी जुळतो का तेही पाहावे. भाषेच्या शिक्षकाने गणित-विज्ञानाच्या जागेवर पसंती दिली, तर तो पर्याय वाया गेला.

प्रोफाइलला मात्र कोणी पुरेसा वेळ देत नाही. लॉगिन मोबाइल क्रमांक आणि ओटीपीवर असल्याने जुना क्रमांक बंद झाला असेल तर आधी गटशिक्षणाधिकारी कार्यालयातून तो बदलून घ्यावा. मग सेवापुस्तक समोर ठेवून तारखा बघाव्यात: जिल्ह्यात रुजू झाल्याची, सध्याच्या शाळेत रुजू झाल्याची, सध्याच्या क्षेत्रात आल्याची. शेवटच्या दोन तारखांत घोळ होतो. सर्वसाधारण क्षेत्रातल्याच एका शाळेतून दुसऱ्या शाळेत गेल्यास शाळेची तारीख बदलते, क्षेत्राची बदलत नाही. कारकुनाने दोन्हीकडे एकच तारीख टाकली, तर दहा वर्षे पुरी झालेला माणूस बदलीपात्र यादीतूनच गळतो. ओटीपी देऊन प्रोफाइल स्वीकारले की दुरुस्तीसाठी अपील करावे लागते, त्यामुळे घाईने ‘स्वीकारा’ दाबू नये. अपिलाबरोबर सेवापुस्तकाच्या पानाची साक्षांकित प्रत जोडावी.

सगळ्यात कच्ची बाजू रिक्त पदांची यादी. ती संच मान्यतेवर, म्हणजे पटसंख्येनुसार शाळेला मंजूर होणाऱ्या पदांवर, उभी असते आणि संच मान्यता विद्यार्थ्यांच्या आधार-वैध नोंदींवर. दहा-बारा मुलांचे आधार जुळले नाही की छोट्या शाळेतले एक पद कागदावरून जाते आणि तिथला शिक्षक अतिरिक्त ठरतो. वर समानीकरण. कोणत्याही एका तालुक्यावर रिक्त पदांचा सगळा भार पडू नये म्हणून काही जागा मुद्दाम रिक्त ठेवतात. हेतू योग्यच आहे, नाहीतर दूरच्या तालुक्यांतल्या मुलांना शिक्षकच मिळणार नाहीत. पण नेमक्या कोणत्या शाळेतली जागा राखायची, हे जिल्हा पातळीवर माणसेच ठरवतात. जुन्या समुपदेशनातली अपारदर्शकता इथे शिल्लक आहे. समानीकरणासाठी राखलेली प्रत्येक जागा का राखली, याचे एका ओळीचे कारण यादीत छापले पाहिजे.

अवघड क्षेत्राचेही तेच. सात निकष आहेत: नक्षलग्रस्त किंवा पेसा (आदिवासी अनुसूचित क्षेत्रातले) गाव, २००० मिलिमीटरहून जास्त पाऊस, हिंस्र प्राण्यांचा उपद्रव, वाहतुकीची सोय नसणे, मोबाइलचे नेटवर्क न पोहोचणारा ‘संवाद छायेचा’ प्रदेश, डोंगरी भाग, महामार्गापासून १० किलोमीटरपेक्षा जास्त अंतर. यांपैकी तीन जुळले की गाव अवघड. रस्ता झाला, टॉवर आला की गाव यादीतून बाहेर पडू शकते. आपली शाळा कोणत्या तारखेपासून कोणत्या क्षेत्रात धरली आहे, हे लेखी मागून घ्यावे.

भाग १ आणि भाग २ चा सगळा डोलारा प्रमाणपत्रांवर आहे. ३० किलोमीटरच्या सीमारेषेवर एक-दोन किलोमीटरने निकाल फिरतो; अंतर रस्त्याने मोजायचे असते, नकाशावरच्या सरळ रेषेने नव्हे. पोर्टल दाखला खरा आहे का ते तपासत नाही. खोट्या दाखल्यामुळे एका प्रामाणिक शिक्षकाला खो बसतो आणि चौकशी होईपर्यंत तो दूरच्या गावी रुजूही झालेला असतो. म्हणून पडताळणी बदलीआधीच व्हायला हवी.

वेळापत्रकाबाबत ही सेवा साफ नापास. बदल्या उन्हाळ्याच्या सुट्टीत आटोपायला हव्यात. २०२२ ची फेरी २०२३ मध्ये गेली आणि २०२५ ची शाळा सुरू झाल्यावरही चालू होती. सत्राच्या मधोमध वर्गशिक्षक बदलला की पहिलीच्या मुलांचे नुकसान होते, आणि ते कोणत्याही अहवालात येत नाही.

आदेशाची पीडीएफ निघाली की पोर्टलचे काम संपते. शालार्थ या पगाराच्या ऑनलाइन प्रणालीशी त्याची जोड नाही. तालुका बदलला तर कार्यमुक्तीचा आदेश, अंतिम वेतन प्रमाणपत्र आणि सेवापुस्तक या तिन्हींच्या मागे स्वतः लागावे. जुन्या तालुक्याने शालार्थमधून नाव सोडल्याशिवाय नव्या तालुक्याला ते बिलात घेता येत नाही. कार्यमुक्त होण्याच्या दिवशीच ही नोंद करून घ्यावी, नाहीतर पहिला पगार लांबतो आणि गृहकर्जाचा हप्ता चुकतो.