जिओकॅशिंग घेऊन लंडन फिरताना : उन्हाळा-हिवाळा दोन्ही पाहून झाल्यावर

लंडनला नवीन राहायला आलेल्या कुणी विचारलं, की हे शहर ओळखीचं व्हायला काय करू, तर मी सध्या एकच सांगते : फोनवर जिओकॅशिंगचं ॲप टाका आणि शनिवारी छत्री घेऊन बाहेर पडा. इथे बरीच वर्षं राहूनही माझं लंडन म्हणजे हॅरोचं घर, ऑफिसकडे जाणारी मेट्रोपॉलिटन लाइन, वेम्बलीच्या ईलिंग रोडवरची भाजी आणि पाहुणे आले की टॉवर ब्रिज एवढंच होतं. स्टेशनांची नावं पाठ होती, पण दोन स्टेशनांच्या मध्ये वर काय आहे याचा पत्ता नव्हता. हे कित्येक महिने मी आणि माझी शाळकरी मुलगी या खेळापायी इतक्या गल्लीबोळांतून चाललोय, की आता नकाशा न उघडता सेंट पॉल्सपासून टॉवरपर्यंत आतल्या आत नेऊ शकते कुणालाही.

खेळ काय आहे ते थोडक्यात. कुणीतरी एक डबी लपवतो (तिलाच ‘कॅश’ म्हणतात) आणि तिचे अक्षांश-रेखांश ॲपवर टाकतो. आपण फोनमधल्या जीपीएसच्या आधारे तिथे पोचायचं, डबी शोधायची, आतल्या कागदावर नाव-तारीख लिहायची, होती तशी परत ठेवायची आणि ॲपवर नोंद करायची. याची सुरुवात मे २०००मध्ये झाली. तोवर अमेरिकन सरकार सामान्य लोकांच्या जीपीएसमध्ये मुद्दाम चूक घालत असे, शंभर मीटरपर्यंतची. २ मेला ती बंद झाली आणि दुसऱ्याच दिवशी डेव्ह उल्मर नावाच्या माणसाने ओरेगन राज्यात बीव्हरक्रीकजवळ रानात एक बादली ठेवून तिचे अक्षांश-रेखांश इंटरनेटवर जाहीर केले. आज जगभरात तीस लाखांवर डबे आहेत. लंडनच्या नकाशावर ॲप उघडलं तर हिरव्या-नारिंगी-निळ्या खुणांनी नकाशाच दिसेनासा होतो.

ॲपबद्दल आधी व्यवहाराचं बोलते. मोफत खात्यावर ॲपमध्ये सोपे, साधे डबे उघडतात. अनेक टप्प्यांच्या ‘मल्टी’ आणि कोड्यांच्या कॅशसाठी बहुतेक वेळा वर्गणी भरावी लागते. सुरुवातीला वर्गणी भरू नका. साधे डबे शोधून पाहा, आवड लागतेय का बघा. अँड्रॉइड असेल तर स्वयंसेवकांनी बनवलेलं सी-जिओ हे मुक्त ॲपही मोफत खात्यावर चांगलं चालतं. ‘ॲडव्हेंचर लॅब’ नावाचं वेगळं ॲप आहे, खेळणाऱ्याला फुकट. त्यात डबी नसते. जागेवर पोचलं की प्रश्न उघडतो, समोर बघून उत्तर द्यायचं, पुढच्या जागेकडे जायचं. ज्यांना झुडपात हात घालायची किळस येते त्यांनी तिथून सुरुवात करावी.

डबीबद्दलही एक कल्पना देते, कारण ‘खजिना’ म्हटलं की मुलं पेटाऱ्याची वाट बघतात. शहरात पेटारा नसतोच. बहुतेक वेळा कॅमेऱ्याच्या जुन्या रिळाची प्लास्टिकची डबी असते, नाहीतर ‘नॅनो’. नॅनो म्हणजे करंगळीच्या पेरापेक्षा लहान, तळाला लोहचुंबक असलेली धातूची डबी. कुंपणाच्या लोखंडी गजाला मागून चिकटलेली, काळ्या रंगावर काळी. डोळ्यांना दिसत नाही, बोटांना लागते. झाकणाचे आटे फिरवले की आत अर्ध्या बोटाच्या रुंदीची कागदाची पट्टी घट्ट गुंडाळलेली असते. थंडीत बोटं बधिर झाली की ती बाहेर येत नाही, म्हणून माझ्या पर्समध्ये भुवयांचा चिमटा कायम असतो. पट्टी उलगडायची, शेवटच्या नावाखाली आपली तारीख आणि आद्याक्षरं बारीक लिहायची, आणि मग ती परत तितकीच घट्ट गुंडाळायची. हे शेवटचं काम सगळ्यात अवघड आहे. पेन स्वतःचं न्यायचं. डबीत पेन मावतच नाही.

अशा साध्या डब्यांच्या मालिका ब्रिटनभर आहेत : चर्चजवळच्या ‘चर्च मायक्रो’, रेल्वे स्टेशनांजवळच्या ‘साइडट्रॅक्ड’. ऑफिसमधून येताजाता करायला छान. पण फक्त आकडा वाढवायचा म्हणून हा खेळ खेळू नये असं माझं ठाम मत आहे. लंडनमध्ये या ॲपचं खरं सोनं मल्टीमध्ये आहे. तिथे शहरावर जीव असलेला कुणी स्थानिक माणूस तुम्हाला हाताला धरून नेतो आणि अमुक पाटी वाच, तमुक खिडक्या मोज, खांबावरचं साल बघ, असं सांगत त्या आकड्यांतून पुढचे अक्षांश-रेखांश काढायला लावतो.

उदाहरण देते. कॅशचं नाव देत नाही, उत्तरं फुटतील. सेंट पॉल्सच्या उत्तरेला, सेंट बॉटॉल्फ चर्चला लागून पोस्टमन्स पार्क नावाची लहानशी बाग आहे. शेजारी पूर्वी पोस्टाचं मुख्यालय होतं, तिथले कर्मचारी इथे डबा खायला बसत. बागेत एका लाकडी पडवीखाली भिंतीवर रंगीत फरशांच्या पाट्या आहेत. चित्रकार जी. एफ. वॉट्स यांनी १९०० साली उभं केलेलं हे स्मारक दुसऱ्यांना वाचवताना जीव गेलेल्या साध्यासुध्या माणसांचं आहे. कामगार, नर्स, शाळकरी पोरं. तिथे ॲलिस एअर्सची पाटी आहे : गवंड्याच्या हाताखालच्या मजुराची मुलगी, बरोमधल्या युनियन स्ट्रीटवरच्या जळत्या घरातून तीन मुलांना वाचवून स्वतः गेली, २४ एप्रिल १८८५. आता कॅशवाला विचारतो, वर्षातला शेवटचा आकडा घे, मुलांच्या संख्येत मिळव. म्हणजे पाच आणि तीन, आठ. हा आठ पुढच्या रेखांशात जाऊन बसतो. बेरीज करायला दोन सेकंद लागतात. पण योग्य पाटी सापडेपर्यंत तुम्ही सगळ्या पाट्या वाचलेल्या असता. माझी मुलगी एकेक मोठ्याने वाचत गेली आणि मध्येच थांबून म्हणाली, “आई, हा तर माझ्याएवढा होता गं.” एकीकडे पुढचा टप्पा राहिला होता, पाऊस यायच्या बेतात होता, तरी आम्ही तिथून लवकर हललो नाही. शेवटच्या काळातली पाटी २००७ साली थेम्समीडच्या कालव्यातून एका मुलाला वाचवताना बुडालेल्या ली पिट यांची आहे. टूर बसवाले इथे थांबत नाहीत. मी या बागेच्या दारावरून आधीही गेले होते. आत काय आहे ते या खेळाने दाखवलं.

सेंट डन्स्टन-इन-द-ईस्टही असंच सापडलं. १९४१च्या बॉम्बहल्ल्यात चर्च उद्ध्वस्त झालं, वास्तुकार क्रिस्टोफर रेन यांनी बांधलेला मनोरा मात्र राहिला. छप्पर नसलेल्या भिंतींच्या आत आता बाग आहे, कमानींतून वेली लोंबतात. मॉन्युमेंट स्टेशनवरून पाच-सात मिनिटं.

ज्यांना थोडं विज्ञानात रस आहे त्यांनी ग्रिनिच चुकवू नये. ॲपवर अक्षांश-रेखांश अंश आणि मिनिटांत येतात, मिनिटाचा हजारावा भाग धरून. लंडनमध्ये रेखांशातला तो हजारावा भाग म्हणजे साधारण सव्वा मीटरहून जरा कमी. आता वेधशाळेच्या अंगणात जी शून्य रेखांशाची रेघ आहे, जिच्या दोन्ही बाजूंना पाय ठेवून फोटो काढायला रांग लागते, तिच्यावर फोन धरा. शून्य येत नाही! पश्चिमेला ०००° ००.०८९ च्या आसपास काहीतरी येतं. जीपीएसचं शून्य तिथून १०२ मीटर पूर्वेला, बागेच्या हिरवळीत आहे. फोन बिघडलेला नसतो. अंगणातली रेघ जॉर्ज एअरी यांच्या दुर्बिणीवरून ठरली आणि १८८४ साली वॉशिंग्टनच्या परिषदेत जगाने ती मान्य केली. त्या दुर्बिणीला ‘सरळ वर’ कोणतं ते ठरवायला तिथल्या गुरुत्वाकर्षणावर अवलंबून राहावं लागे, आणि जमिनीखालचं वस्तुमान सगळीकडे सारखं नसल्याने तिथली खालची दिशा पृथ्वीच्या मध्याकडे तंतोतंत जात नाही. उपग्रह मात्र सगळा हिशोब पृथ्वीच्या मध्यापासून करतात. तेवढा फरक उरतो.

आणि गंमत अशी, की ओळंबा का झुकतो या प्रश्नावर याच एअरींनी १८५५ साली निबंध लिहिला होता, तोही आपल्याकडच्या सर्वेक्षणावरून. भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणात कलियाना आणि कलियानपूर या ठाण्यांमधलं अंतर दोन पद्धतींनी काढल्यावर पाच विकलांहून (विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग) थोडा जास्त फरक येत होता. हिमालय ओळंब्याला आपल्याकडे ओढतो, पण हिशोबाने ओढायला हवा त्यापेक्षा बराच कमी. एअरींनी मांडलं, की पर्वतांना हलक्या खडकाची खोल मुळं असली पाहिजेत. ग्रिनिचचा फरकही पाच विकलांच्याच घरातला आहे. हे मला तिथे एका कॅशच्या वर्णनातून सुरुवात होऊन नंतर वाचता वाचता कळलं, आणि त्यानंतर अंगणातली ती रेघ बघायला मी प्रत्येक पाहुण्याला आधी हिरवळीवरून फिरवून मग नेते.

ग्रिनिचच्याच अनुषंगाने नवख्यांसाठी : लंडनमध्ये रेखांश पूर्व-पश्चिम दोन्ही येतात. ही रेघ शहरातूनच जाते. स्ट्रॅटफर्डच्या बाजूचे टप्पे हाताने भरताना पूर्व की पश्चिम हे आधी बघा.

‘अर्थकॅश’ हा प्रकार २००४ साली अमेरिकेच्या भूशास्त्र संस्थेबरोबर सुरू झाला. यात डबी नसते, दगड बघायचा आणि प्रश्नांची उत्तरं मालकाला पाठवायची. आपल्याला वाटतं दगड बघायला रानात जायला हवं. इथे बँकांच्या पायऱ्या आणि चर्चच्या भिंतीच पुरतात. सेंट पॉल्सचा पांढरा पोर्टलंड दगड ज्युरासिक काळाच्या शेवटचा, समुद्राच्या तळाशी तयार झालेला. भिंतीजवळ नाक नेलं की शिंपल्यांचे तुकडे कडेने वर आलेले दिसतात. पावसाने आजूबाजूचा दगड झिजला, शिंपला राहिला. सह्याद्रीच्या काळ्या कातळात असं काही सापडत नाही, तो लाव्हाचा. मुलीला भूगोल शिकवायला यापेक्षा सोपी जागा मला मिळाली नाही.

आता कुठे अडतं ते. सिटीतल्या, म्हणजे लंडनच्या मधल्या बँका-ऑफिसांच्या भागातल्या, उंच काचेच्या इमारतींमध्ये जीपीएस भरवशाचं राहत नाही. उपग्रहाचा सिग्नल भिंतींवर आपटून उशिरा पोचतो, फोनला वाटतं आपण पलीकडच्या रस्त्यावर आहोत. उघड्यावर पाचेक मीटरपर्यंत नेणारा बाण तिथे वीस-तीस मीटर उड्या मारतो. अशा वेळी बाण सोडून द्यायचा, वर्णन आणि ‘हिंट’ वाचायची. पावसाने आतला कागद लगदा झालेला असतो, किंवा डबी केव्हाच गायब झालेली असते. शेवटच्या काही नोंदी वाचूनच निघावं. ओळीने तीन-चार जणांना मिळाली नसेल तर तिथे जाऊ नये. आणि आपल्याला मिळाली नाही तर तशी नोंद जरूर करावी, मालकाला त्यावरूनच कळतं.

सुरक्षेचं हलक्यात घेऊ नका. २०११ साली यॉर्कशरमधल्या वेदरबी गावात असाच एक डबा संशयास्पद वाटून बॉम्ब पथकाने उडवला होता. लंडनमध्ये संसद, मोठी स्टेशनं अशा जागी म्हणूनच डबे नसतात, बघून उत्तर द्यायच्याच कॅश असतात. कुणी विचारलं तर लपवाछपवी न करता फोन दाखवून सांगायचं. मला एका बाकाखाली वाकलेलं बघून एक आजोबा थांबले, काही हरवलंय का म्हणाले. खेळ समजावल्यावर त्यांनी शेजारच्या गल्लीतला युद्धातल्या स्फोटाच्या खुणा असलेला खांब नेऊन दाखवला. डिसेंबरात चारच्या आधी सूर्य मावळतो; मुलं बरोबर असतील तर तीनला आवरतं घ्यावं. पॉवर बँक हवीच.

वर्गणी मी भरली आणि यापुढेही भरणार, कारण मला मल्टी हव्यात. मुलं लहान असतील आणि महिन्यातून एखादा रविवार मिळत असेल तर मोफत खातं आणि ॲडव्हेंचर लॅब पुरे. पाठीचा, गुडघ्याचा त्रास असेल तर प्रत्येक कॅशला अवघडपणाचे आणि वाटेचे एक ते पाच असे दोन आकडे दिलेले असतात. वाटेचा आकडा एक असेल तिथेच जा. पुण्या-मुंबईच्या नकाशावरही डबे आहेत, पण इथल्या मानाने फार विरळ, तेव्हा सुट्टीवर जाताना त्या भरवशावर जाऊ नका.

सध्या मी स्वतः एक मल्टी बांधतेय. मेडा व्हेलमध्ये १०, हॉली प्लेस इथे १९१८-१९मध्ये लोकमान्य टिळक राहिले, ब्रिटिश पत्रकार चिरोलवरच्या बदनामीच्या खटल्यासाठी आले होते तेव्हा. घरावर निळी पाटी आहे. तिथून लिटल व्हेनिसला कालव्याकाठी यायचं, बोगद्यापाशी काठ संपतो तिथे रस्त्यावर चढायचं, पुन्हा खाली उतरून प्राणिसंग्रहालयाच्या बाजूने प्रिमरोज हिलकडे. टेकडीपलीकडे १०, किंग हेन्रीज रोड. १९२१-२२मध्ये बाबासाहेब इथे राहून लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकत होते. २०१५ साली महाराष्ट्र सरकारने हे घर घेतलं. तासाभराची चाल आहे, रीजंट्स कालव्याचं पाणी जवळजवळ सगळा वेळ सोबत. प्रश्न दोन्ही पाट्यांवरून बेतलेत, वर्णन इंग्रजी आणि मराठी दोन्हीत लिहिलंय. नियमाप्रमाणे शेवटची डबी दुसऱ्या कुठल्याही डबीपासून १६१ मीटर लांब हवी, जागेच्या मालकाची परवानगी हवी, आणि मग स्वयंसेवक तपासनीस मंजुरी देतात. प्रिमरोज हिलच्या आसपास आधीच डबे असल्याने जागेचंच अडलंय. परवानगीचं पत्र गेलंय, उत्तर आलं की मंजुरीला पाठवेन. टिळकांच्या घरात आजही लोक राहतात, त्यामुळे पाटी फुटपाथवरूनच वाचता येईल असाच प्रश्न ठेवलाय.