पुरसीसवर सही माझी, मजकूर माझा नाही

वडील गेले त्याच्या पुढच्या वर्षी, मे २०१९ मध्ये, धाकट्या भावाने माहेरी बोलावून घेतलं. "अक्का, वाटणी कोर्टातनंच करून घेऊया. दावा नुसता नावाला. सगळ्यांची संमती असली की दस्त नोंदवायचा खर्च वाचतोय." सातारा जिल्ह्यातली आमची सहा एकर जमीन, त्यातली दोन एकर पाटाच्या पाण्याखाली. वारस चौघं. भाऊ वादी, आई, मी आणि धाकटी बहीण प्रतिवादी. माझा वकीलही त्यानेच बघून दिला होता. खरं तर तिथंच उठून यायला हवं होतं.

वकीलपत्रावर मी न वाचता सही केली. त्यातल्या छापील ओळींत वकिलाला तडजोड करण्याचाही अधिकार दिलेला असतो, हे मला पुढे कळलं. मग भावाने आणखी एक कागद पुढे केला. तळाशी आमची नावं आणि एकच वाक्य: "वरील मजकूर वाचून पाहिला, समजला, तो मान्य व कबूल आहे." वर मजकूरच नव्हता. "तू उद्या पुण्याला जाणार, पुरसीस टाईप व्हायला वेळ लागेल," म्हणाला. पुरसीस म्हणजे पक्षकारांनी सही करून कोर्टात द्यायचं लेखी निवेदन, इथे तडजोडीचं. पाठचा भाऊ. केली सही.

जानेवारी २०२० मध्ये महाभूलेखवर सातबारा पाहिला, तर माझं नाव गेलेलं, बहिणीचंही. फेरफाराची नोटीस माहेरच्या पत्त्यावर गेली होती, ती माझ्यापर्यंत आलीच नाही. कोर्टातून नकला काढल्या. तीन पानी पुरसीस: "प्रतिवादी क्र. २ व ३ यांना रोख मोबदला पोहोचला असून त्यांनी आपला हक्क कायमचा सोडला आहे." मला एक रुपयाही मिळालेला नाही. रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारखेच्या कामकाजाच्या नोंदीत, लिहिलंय, "पक्षकार हजर." त्या तारखेला मी पुण्याच्या दवाखान्यात लेकीच्या उशाशी होते. तिचं बाळंतपण त्याच दिवशी झालं, डिस्चार्ज कार्ड जपून ठेवलंय.

पुढची चूक मात्र आमच्या बाजूने झाली, आणि हे लिहिते आहे ते मुख्यतः तिच्यासाठी. नव्या वकिलांनी त्या पुरसीसवरून कोर्टाने केलेला हुकूमनामा (दाव्याचा अंतिम आदेश) रद्द करून मागणारा वेगळा दावा लावला. दोन वर्षं तारखा झाल्या आणि ऑर्डर ७ रूल ११ खाली तो पुरावा ऐकण्याआधीच फेटाळला गेला. कारण दिवाणी प्रक्रिया संहितेत ऑर्डर २३ रूल ३-ए आहे: तडजोड बेकायदेशीर होती म्हणून हुकूमनामा रद्द करा, असा स्वतंत्र दावा चालतच नाही. कलम ९६(३) प्रमाणे संमतीच्या हुकूमनाम्यावर अपीलही नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पुष्पादेवी भगत प्रकरणात सांगितलंय की ज्या कोर्टाने तडजोड नोंदवली त्याच कोर्टात जायचं आणि तडजोड झालीच नव्हती किंवा ती कायदेशीर नव्हती, हे तिथं दाखवायचं. रूल ३ खालच्या स्पष्टीकरणानुसार करार कायद्यानुसार रद्दबातल असलेला किंवा रद्द होऊ शकणारा करार कायदेशीर धरला जात नाही. फसवून घेतलेली संमती त्यातच येते. म्हणजे दार होतं, आम्ही भलतंच ठोठावत बसलो. तेवढ्यात भावाने पाटाखालची जमीन विकली.

आता त्याच कोर्टात अर्ज आहे. फसवणूक कळल्या दिवसापासून मुदत मोजावी आणि चुकीच्या दाव्यात गेलेला काळ वजा करावा, असं आम्ही मांडलंय. त्यावर समोरच्यांची हरकत आहे.

ज्यांची तडजोड लोकअदालतीत झाली त्यांनी तर आणखी सावध असावं. त्या निवाड्यावर अपील नाही. २००८ च्या जालोर सिंग निकालाप्रमाणे उच्च न्यायालयात रिट, तेही फार मोजक्या कारणांवर. आपल्या नावाचा दावा चालू असेल तर स्वतःचा वकील स्वतः करा, ई-कोर्ट्सवर तारीख स्वतः बघा, पुरसीसच्या प्रत्येक पानावर सही करा आणि तिची प्रत त्याच दिवशी हातात घ्या. शंका आली तर आधी पुरसीस, वकीलपत्र आणि रोजनामा यांच्या नकला काढा, मगच वकिलाकडे जा.

आईशी बोलणं होतं, पण जमिनीचा विषय ती काढू देत नाही. पुढच्या तारखेला माझी उलटतपासणी आहे. सही माझीच का, असं विचारतील, आणि मी हो म्हणणार आहे. मूळ पुरसीस मी कोर्टात पाहून आले. तिच्या पहिल्या दोन पानांवर आम्हा दोघी बहिणींची सही नाही, आणि त्या पानांचा टाईप तिसऱ्या पानापेक्षा वेगळा आहे.