एक फायरवॉल, तीन सर्व्हर: पोर्ट फॉरवर्डिंग की वन-टू-वन नॅट?

नाशिकच्या अंबड किंवा सातपूर एमआयडीसीतल्या मध्यम युनिटमध्ये साधारण एकच मांडणी दिसते. पहिल्या मजल्यावर एसी लावलेली छोटी खोली, तिच्यात एक रॅक. रॅकमध्ये ईआरपीचा (कंपनीचे सगळे व्यवहार सांभाळणाऱ्या सॉफ्टवेअरचा) सर्व्हर, मेल सर्व्हर, कॅमेऱ्यांचं रेकॉर्डिंग ठेवणारा एनव्हीआर आणि या सगळ्यांच्या पुढे एक फायरवॉल, म्हणजे इंटरनेटवरून आत कोण येणार ते ठरवणारं यंत्र. मालकांना सिन्नरच्या प्लँटवरून ईआरपी उघडायचं असतं आणि पुण्याच्या ग्राहकाला डिस्पॅचचं पोर्टल बघायचं असतं. मग प्रश्न येतो: असलेल्या एका पब्लिक आयपीवर (इंटरनेटवरून दिसणाऱ्या पत्त्यावर) पोर्ट फॉरवर्डिंग करून भागवायचं, की जास्तीचे आयपी घेऊन प्रत्येक सर्व्हरला वन-टू-वन नॅट द्यायचं? (नॅट म्हणजे बाहेरचा पत्ता आणि आतला पत्ता यांची अदलाबदल; पोर्ट म्हणजे एकाच पत्त्यावरचा, प्रत्येक सेवेचा वेगळा क्रमांक असलेला दरवाजा.)

माझं मत आधीच सांगतो. बहुतेक युनिटना एक आयपी, एक-दोन फॉरवर्ड केलेले पोर्ट आणि आपल्या माणसांसाठी व्हीपीएन (इंटरनेटवरून ऑफिसात येणारी खासगी, कुलूपबंद वाट) एवढं पुरतं. वन-टू-वनचा खर्च मुख्यतः मेल सर्व्हर असेल तरच वसूल होतो.

पण त्याआधी एक गोष्ट तपासा. राउटरच्या वॅन (इंटरनेटच्या बाजूच्या) पानावर दिसणारा पत्ता १००.६४ ते १००.१२७ यांपैकी कशाने सुरू होत असेल, किंवा १०, १९२.१६८, १७२.१६ ते १७२.३१ यांतला असेल, तर तुमच्या पुढे इंटरनेट सेवा देणाऱ्या कंपनीचं स्वतःचं नॅट बसलेलं आहे. (१००.६४ चा गट २०१२ साली याच कामासाठी राखून ठेवला गेला.) अशा लाइनवर तुम्ही कितीही पोर्ट फॉरवर्ड केले तरी बाहेरचं कनेक्शन आत येणार नाही. आधी स्टॅटिक, म्हणजे न बदलणारा पब्लिक आयपी घ्या, मग पुढचं वाचा.

पोर्ट फॉरवर्डिंग

बाहेरचा पत्ता समजा २०३.०.११३.१० आहे. त्याच्या ४४३ (सुरक्षित वेबसाइटच्या) पोर्टवर आलेलं कनेक्शन आतल्या १९२.१६८.१०.२० कडे पाठवायचं, एवढंच काम. बाकीचे पोर्ट बंदच राहतात, आणि सर्वांत मोठा फायदा तोच आहे. चुकून एखादी नोंद राहून गेली तरी उघडा राहतो तो एकच पोर्ट.

अडचण येते ती दुसऱ्या वेब सर्व्हरला. ४४३ एकच आहे आणि तो ईआरपीने घेतला. मग व्हेंडर पोर्टलला ८४४३ देतो. नाशिकमधून ते छान चालतं, पण ग्राहकाच्या कंपनीतला फायरवॉल वेगळ्या पोर्टवर बाहेर जाऊ देत नाही आणि तक्रार तुमच्याकडे येते. इथे बरेच जण घाईने जास्तीचे आयपी विकत घेतात. त्याऐवजी पुढे एनजिनएक्स किंवा एचएप्रॉक्सीसारखा रिव्हर्स प्रॉक्सी, म्हणजे आलेली मागणी योग्य सर्व्हरकडे पोचवणारा मधला सर्व्हर ठेवा. ब्राउझर सुरुवातीलाच साइटचं नाव सांगतो, त्यावरून प्रॉक्सी ईआरपी आणि पोर्टल वेगळं करतो. एकाच आयपीवर, एकाच ४४३ वर दहा साइट चालतात. फक्त मूळ ग्राहकाचा पत्ता प्रॉक्सीने हेडरमध्ये पुढे द्यायला हवा, नाहीतर सर्व्हरच्या लॉगमध्ये (कोण आलं-गेलं त्याच्या नोंदींमध्ये) सगळीकडे प्रॉक्सीचाच पत्ता दिसेल. सीईआरटी-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या एप्रिल २०२२ च्या निर्देशांप्रमाणे लॉग १८० दिवस ठेवायचे असतात, आणि असे एकाच पत्त्याचे लॉग ठेवून उपयोग काय?

वन-टू-वन

इथे एक पूर्ण पब्लिक आयपी एका सर्व्हरच्या नावे होतो, येताना आणि जाताना दोन्हीकडे. त्यासाठी सहसा /२९ नावाचा पत्त्यांचा ब्लॉक मिळतो. त्यात पत्ते ८, पण पहिला आणि शेवटचा वापरता येत नाही, म्हणजे राहिले ६. एक इंटरनेट कंपनीच्या गेटवेला, एक तुमच्या फायरवॉलला. सर्व्हरसाठी हातात उरतात ४. कोटेशनमध्ये ‘८ आयपी’ वाचून आठ सर्व्हरचा आराखडा आखू नका.

मेलसाठी हा प्रकार खरोखर उपयोगी आहे. एकच आयपी असेल तर मेल सर्व्हर आणि ऑफिसातले सगळे पीसी त्याच पत्त्याने बाहेर जातात. अकाउंट्समधल्या एका पीसीला व्हायरस लागला, त्याने रात्रभर स्पॅम पाठवलं, की पत्ता ब्लॅकलिस्टमध्ये जातो आणि सकाळी तुमची कोटेशनं ग्राहकाकडून परत येतात. मेल सर्व्हरला वेगळा पत्ता असला की ही भानगड त्याच्यापर्यंत पोचत नाही. आयपी एकच ठेवायचा असेल, तर निदान मेल सर्व्हर सोडून बाकी सगळ्यांचा बाहेर जाणारा पोर्ट २५ बंद करा. आयपी एक असो की चार, पीटीआर नोंद (आयपीवरून सर्व्हरचं नाव सांगणारी) मात्र लागतेच. ती तुमच्या डोमेनच्या पॅनेलमध्ये होत नाही, आयपी देणाऱ्या कंपनीकडून करून घ्यावी लागते. लेखी मेल टाका, फोनवर सांगून हे काम होत नाही.

वन-टू-वन केलं म्हणजे सर्व्हर आपोआप उघडा पडतो, हा एक गैरसमज. नॅट फक्त पत्ता बदलतं, आत कोण येणार ते फायरवॉलचा रूल ठरवतो. धोका येतो तो सवयीचा. इन्स्टॉलेशनच्या दिवशी ‘आत्ता चालू करून देतो, नंतर टाइट करू’ म्हणत सर्व्हिसच्या रकान्यात ‘ऑल’ टाकलं जातं आणि ते ‘नंतर’ येतच नाही. पोर्ट फॉरवर्डिंगमधल्या चुकीने एक खिडकी उघडी राहते, इथे अख्खा वाडा उघडा राहतो.

रूलमध्ये आतला पत्ता लिहायचा की बाहेरचा, हे प्रत्येक फायरवॉलमध्ये वेगळं असतं, आणि यावर तर अनुभवी माणसंही अडतात. लिनक्स आणि पीएफसेन्समध्ये पत्ता आधी बदलतो आणि रूल नंतर तपासला जातो, म्हणून रूलमध्ये आतला पत्ता येतो. सिस्को एएसएमध्ये ८.३ आवृत्तीपासून आतलाच. पालो आल्टोमध्ये पत्ता बाहेरचा, पण झोन (नेटवर्कचा भाग) आतला. फोर्टिगेटमध्ये व्हीआयपी नावाची नोंद करून तीच पॉलिसीत टाकायची. फायरवॉलची कंपनी बदलताना जुने रूल जसेच्या तसे उतरवू नका.

दोन्हीकडे छळणाऱ्या गोष्टी

पहिली तक्रार हमखास अशी येते: ‘साहेब, मोबाइल डेटावर ॲप चालतं, ऑफिसच्या वायफायवर नाही.’ होतं असं की आतला फोन बाहेरचा पत्ता गाठायला जातो, फायरवॉल त्याला वळवून सर्व्हरकडे देतो. सर्व्हर बघतो की मागणारा तर आपल्याच लॅनमधला (ऑफिसच्या आतल्या नेटवर्कमधला), म्हणून फायरवॉलला वगळून थेट उत्तर देतो. फोनने विचारलं एका पत्त्याला, उत्तर आलं भलत्याच पत्त्यावरून, म्हणून फोन ते टाकून देतो. उपाय दोन सांगितले जातात. हेअरपिन नॅट लावलं की फायरवॉल मागणाऱ्याचाही पत्ता बदलतो. काम चालतं, पण लॉगमध्ये आतले सगळे एकाच पत्त्याचे दिसतात. दुसरा उपाय म्हणजे आतल्या डीएनएसने (नावावरून पत्ता सांगणाऱ्या सर्व्हरने) आतलाच पत्ता सांगायचा. हा चांगला, पण फोनमध्ये कुणी प्रायव्हेट डीएनएस लावलेला असेल तर तो आपल्या डीएनएसला विचारतच नाही. मला पटतो तो तिसरा: सर्व्हर लॅनमध्ये ठेवायचेच नाहीत, त्यांना १९२.१६८.२०.० असं वेगळं नेटवर्क द्यायचं. मग उत्तराला फायरवॉलवरूनच परत जावं लागतं. वळवण्याचा रूल लॅनच्या बाजूनेही लावला की प्रश्न मिटतो. शिवाय पोर्टल हॅक झालं तरी घुसणारा थेट टॅलीच्या पीसीपर्यंत पोचत नाही.

दुसरी गोष्ट गेटवेची. आपल्याकडे लीज लाइन (कंपनीसाठी राखीव इंटरनेट लाइन) आणि जोडीला स्वस्त ब्रॉडबँड असं असतंच. सर्व्हरचा डिफॉल्ट गेटवे (बाहेर जाण्याची ठरलेली वाट) कुणीतरी ब्रॉडबँडच्या राउटरवर ठेवलेला असेल, तर कनेक्शन येतं लीज लाइनवरून आणि उत्तर निघतं ब्रॉडबँडवरून. नॅटची नोंद शंभर वेळा तपासली तरी ती बरोबरच दिसते. अशा वेळी सर्व्हरवर टीसीपीडम्प (येणारी-जाणारी पॅकेट दाखवणारा प्रोग्राम) लावा. पॅकेट आत येताना दिसलं तर चूक बहुधा परतीच्या वाटेत आहे.

जे फॉरवर्ड करूच नये

रिमोट डेस्कटॉपचा ३३८९ आणि एनव्हीआरचं पान, या दोन गोष्टी कोणत्याही नॅटमधून बाहेर काढू नका. बाहेरचा पोर्ट ३३८९ ऐवजी ३३९० केल्याने स्कॅन करणारे फसत नाहीत. सिन्नरच्या प्लँटला, घरून काम करणाऱ्या अकाउंटंटला आणि ईआरपीच्या सपोर्टवाल्यांना व्हीपीएन द्या. वायरगार्ड या व्हीपीएनला एकच यूडीपी पोर्ट लागतो आणि तो ओळखीच्या किल्लीशिवाय उत्तरच देत नाही. दोन्ही टोकांना इंटरनेट कंपनीचं नॅट असेल तर एखाद्या डेटा सेंटरमधला छोटा व्हीपीएस (भाड्याचा सर्व्हर) मध्ये ठेवून दोघांना तिथे जोडता येतं.

आयपीव्ही६ (पत्त्यांची नवी पद्धत) आलं की नॅटची गरज उरत नाही, रूलची उरते. फक्त जुन्या आयपीव्ही४ वर असलेले ग्राहक अजून आहेत, त्यामुळे सध्या तरी ते जोडीनेच चालवावं लागेल.

काम झाल्यावर चाचणी ऑफिसच्या वायफायवरून घेऊ नका, फोनचा डेटा चालू करून घ्या. आणि व्हेंडरला प्रत्येक नोंदीच्या शेऱ्यात कुणासाठी, कुणाच्या सांगण्यावरून आणि कधीपर्यंत हे लिहायला लावा. बिल पास करण्याआधी ती यादी त्याच्यासोबत बसून वाचा.