क्योतोमध्ये दिवसभरासाठी भाड्याचा किमोनो : पैसे मोजावेत ते नेसवणाऱ्या हाताचे

मुंबईहून निघणाऱ्या जपानच्या सहलींत क्योतोसाठी बहुधा एखादा पूर्ण दिवस राखलेला असतो आणि त्या दिवशी भाड्याने किमोनो घेऊन जुन्या गल्ल्यांतून हिंडायचे, हा बेत आता आपल्याकडच्या कुटुंबांतही रुळू लागला आहे. सासूबाई, माझे पती, कॉलेजात जाणारी मुलगी आणि मी असे आम्ही गिरगावातून चौघे नोव्हेंबरच्या उत्तरार्धात, मेपलची पाने लाल झालेली असताना गेलो होतो आणि हिगाशियामा भागातील एका मध्यम आकाराच्या दुकानातून आम्ही हे कपडे घेतले. त्या दुकानाच्या सेवेविषयी येथे सविस्तर लिहीत आहे, कारण जाण्यापूर्वी माझ्या वाचनात जे काही आले त्यात रंग, नक्षी आणि छायाचित्रे यांचीच चर्चा होती. ज्या कामावर दिवसभराचा सारा आनंद अवलंबून असतो, त्या नेसवण्याच्या कामाबद्दल फारसे कोणी लिहिलेले नव्हते. भाडे जरी कपड्याचे म्हणून घेतले जात असले, तरी ते खरे त्या कामाचेच असते, असे माझे स्पष्ट मत झाले आहे.

मूळ दर माणशी साडेपाच हजार येन, म्हणजे आपले तीन हजार रुपये आणि वर थोडे, असा होता. किमोनो, त्याच्या आतला नागाजुबान, कमरेचा रुंद ओबी, अंगठा वेगळा ठेवणारे ताबी हे मोजे, झोरी या चपला, हातात धरायची लहान पिशवी आणि नेसवण्याची मजुरी हे सारे त्यातच धरलेले होते. आरक्षण संकेतस्थळावरून इंग्रजीत झाले आणि पैसे दुकानात गेल्यावर द्यायचे होते, त्यामुळे या बाबतीत तक्रारीला जागा नाही.

भाड्याचे किमोनो बहुतेक पॉलिस्टरचे असतात. आमचेही तसेच होते, आणि त्यात फसवणूक झाली असे कोणी मानू नये. रेशमी किमोनोला पाण्याचा थेंबही डाग पाडतो आणि तो घरच्यासारखा धुता येत नाही. रोज नव्या अंगावर चढणाऱ्या कपड्याला हे लाड परवडणारे नाहीत. क्योतोचे नाव ज्यामुळे झाले ते निशिजिनचे विणकाम आणि युझेन पद्धतीचे रंगकाम ज्यांना जवळून पाहायचे असेल, त्यांनी त्यासाठी वेगळा वेळ काढावा. दुकानातल्या मांडणीवर युझेनच्या धर्तीची छापील फुले भरपूर असतात, आणि त्यांपैकी गडद, एकरंगी जमिनीवर बारीक नक्षी असलेले किमोनो मला सर्वांत शोभिवंत वाटले. सध्या लेस लावलेल्या, फिकट रंगांच्या किमोनोंना मोठी मागणी आहे आणि त्यांसाठी दोन हजार येन जादा आकारले जातात. मुलीला तो मोह झाला होता; पण लेसची कड दुपारपर्यंत ठिकठिकाणी अडकून विस्कटलेल्या किती तरी मुली आम्हाला वाटेत भेटल्या, तेव्हा तो खर्च टाळलेलाच बरा.

आता नेसवण्याविषयी. किमोनो सुमारे बारा मीटर लांब आणि सुमारे दीड वीत रुंद अशा एकाच ताग्यातून सरळ पट्ट्या कापून शिवतात. त्यात चुण्या नाहीत, बटणे नाहीत, अंगाबरोबर कापलेली गोलाई नाही. त्यामुळे तो अंगावर बसवण्याचे सगळे कौशल्य घड्यांत आणि गाठींत असते. सासूबाईंना नेसवायला आलेल्या बाई पन्नाशीच्या असाव्यात. त्यांनी प्रथम सासूबाईंच्या कमरेभोवती घडी केलेले दोन टॉवेल बांधले, कारण किमोनोला अंग खांद्यापासून खाली सरळ लागते आणि कमरेची खळगी भरली नाही तर ओबीला सुरकुती पडते. मग नागाजुबानची कॉलर मानेमागे मूठभर खाली ओढून घेतली. त्यावर किमोनो चढवताना डावी बाजू उजव्या बाजूवर आली. याच्या उलट फक्त मृत माणसाला नेसवतात, त्यामुळे एखाद्या पर्यटकाने गमतीने बाजू बदलली तर तेथील माणसे दचकतात. काठ घोट्याशी आणून त्यांनी कमरेला दोरी आवळली आणि उरलेली उंची कमरेवर दुमडून तिची ओहाशोरी ही आडवी पट्टी केली. ती पट्टी ओबीखाली सर्वत्र सारखीच दिसावी म्हणून त्या गुडघ्यांवर बसल्या, कडेला आतून बोट फिरवून तिची रेघ सरळ केली, नंतर पाठीमागे जाऊन मधल्या शिवणीपासून दोन्ही तळहात बगलांकडे नेत सगळा झोळ बाजूला काढला, आणि शेवटी ओबीत दोन बोटे घालून श्वास घ्यायला जागा आहे की नाही ते पाहिले. हे सारे जेमतेम वीस मिनिटांत झाले. पाडव्याच्या शोभायात्रेच्या पहाटे आमच्या वाडीतल्या मुलींना नऊवारी नेसवण्याचे काम वर्षानुवर्षे सासूबाईंकडेच असते, त्यामुळे त्यांचे लक्ष आरशाकडे नव्हते, त्या बाईंच्या हातांकडे होते. “हात बसलेला आहे हो हिचा,” असे त्या मला म्हणाल्या, आणि त्यांच्या तोंडून यापेक्षा मोठी शाबासकी मी सहसा ऐकलेली नाही. संध्याकाळी दुकानात परतेपर्यंत त्यांच्या ओबीची गाठ जागची हललेली नव्हती.

मुलीच्या बाबतीत मात्र असे घडले नाही. दादरला, गिरगावात आता शिवलेली नऊवारी सर्रास मिळते आणि ती पाच मिनिटांत अंगावर चढते. क्योतोतही त्याच धर्तीवर पाठीमागची गाठ आधीच बांधून तयार ठेवलेला ओबी असतो, तो कमरेला गुंडाळून गाठ वरून नुसती अडकवायची असते. मुलीची वेळ आली तेव्हा पुढच्या तासाची गर्दी दारात उभी होती, त्यामुळे एका तरुण कर्मचारी मुलीने तिला हाच तयार ओबी लावून दिला आणि कमरेला टॉवेलही बांधले नाहीत. दुपारी जेवायच्या वेळेला गाठ एका बाजूला कलली आणि ओहाशोरीचा झोळ बाहेर आला. मधल्या वेळात परत आल्यास विनामूल्य नीट करून देऊ, असे दुकानाने सांगितले होते आणि तो शब्द त्यांनी पाळला हे खरे. पण तेवढ्यासाठी चढण उतरून जाणे आणि रांगेत थांबणे यात आमचा चांगल्या प्रकाशातला तासभर गेला. एकाच दुकानात, एकाच दरात असे दोन प्रतीचे काम होणे मला पटले नाही. आरक्षण करतानाच ‘ओबी हाताने बांधून हवा’ असे लिहून कळवावे आणि दुकान उघडतानाची पहिली वेळ घ्यावी. त्या वेळी अनुभवी हात मोकळे असतात.

आपल्याकडच्या बायकांना उपयोगी पडतील अशा काही गोष्टी मला आधी कोणी सांगितल्या नव्हत्या. झोरीचा पट्टा अंगठा आणि शेजारचे बोट यांच्या मधोमध बसतो, आणि जोडवे नेमके त्याच बोटात असते. ताबीच्या आत ते दाबले जाऊन सासूबाईंच्या बोटाला सकाळीच वळ उठला. जोडवी काढायची त्यांची तयारी नसल्यामुळे त्या बाईंनी बोटाभोवती कापूस गुंडाळून दिला आणि पुढे त्रास झाला नाही. किमोनोवर गळ्यात दागिना घालण्याची रीत नाही, त्यामुळे मंगळसूत्र आत राहते, आणि लांब असेल तर ओबीखाली टोचते. आखूड असलेले बरे. बांगड्या बाहीच्या अस्तराला अडकतात. टिकलीला मात्र कोणी हरकत घेतली नाही, उलट त्या बाईंनी टिकलीच्या रंगाशी जुळणारी ओबीवरची दोरी आपणहून शोधून आणली. स्वच्छतागृहात जाताना लांब बाह्यांची टोके ओबीवरच्या दोरीत खोचून घ्यायची आणि मग एकेक थर वर घ्यायचा, हे त्यांनी हातवारे करून समजावले, आणि दिवसभरात सर्वांत कामाला आलेली सूचना तीच.

फिरण्याचा मार्ग कपड्याच्या मानाने ठरवावा लागतो. पाऊल जेमतेम फूटभर पडते. सकाळी कपडे ताजे असताना आधी कियोमिझु-देराची चढण गाठावी. हे मंदिर इ.स. ७७८ मध्ये स्थापन झालेले आहे, आजचे मुख्य सभागृह १६३३ मधले आहे, आणि दरीवर १३ मीटर उंच उभारलेल्या त्याच्या लाकडी सज्जावरून नोव्हेंबरातल्या लाल पानांचा जो विस्तार दिसतो, त्यासाठी ही चढण नक्कीच चढावी. तेथून सान्नेनझाकाच्या दगडी पायऱ्या उतरताना उजव्या हाताने किमोनोची पुढची बाजू किंचित उचलून धरावी. या पायऱ्यांवर जो पडतो त्याचे तीन वर्षांत अनिष्ट होते अशी तेथे समजूत आहे, आणि झोरी घालून उतरताना ती समजूत कोठून आली असेल ते कळते. पुढे निनेनझाका ही उतरती गल्ली, यासाका पॅगोडा आणि गेइशांची जुनी वस्ती असलेले गिओन हे सारे पायी होते. गिओनमधील खासगी गल्ल्यांत २०२४ पासून पर्यटकांना मनाई आहे आणि आत शिरल्यास दहा हजार येन दंडाचे फलक लावलेले आहेत. किमोनो नेसला म्हणून सूट मिळत नाही. फुशिमी इनारी या देवस्थानाचा डोंगर २३३ मीटरचा असून तोरी या लाल कमानींच्या रांगेतून पूर्ण फेरी मारायला दोन तास तरी लागतात, म्हणून तो दुसऱ्या दिवशी, आपल्या बुटांत करावा. शहराच्या पश्चिम टोकाच्या आराशियामालाही या कपड्यांत गर्दीच्या बसने जाण्याचा हट्ट धरू नये.

वेळेच्या हिशेबात हे दुकान कमी पडले. साडेनऊची वेळ दिलेली असताना आम्ही चौघे बाहेर पडेपर्यंत पावणेअकरा झाले, आणि परत करण्याची मुदत मात्र पाचची ती पाचचीच राहिली. नोव्हेंबरअखेर क्योतोत पावणेपाचच्या सुमारास सूर्य मावळतो, तेव्हा सकाळी गेलेला तास संध्याकाळी भरून निघत नाही. जादा पैसे भरून दुसऱ्या दिवशी कपडे परत करण्याची सोय असते आणि दिव्यांच्या उजेडातले गिओन पाहायचे असेल तर ती घेण्यासारखी आहे, पण ती आहे हे आम्हाला निघताना कळले. केसांतल्या फुलांचे आणि मोठ्या मापाच्या झोरींचे वेगळे पैसेही आयत्या वेळी, आरशासमोर बसल्यावर सांगण्यात आले. रक्कम फार नव्हती, तरी ती आरक्षणाच्या पानावरच असायला हवी होती.

पुरुषांसाठी दुकानात निवड कमी असते. पुरुषांच्या किमोनोला कमरेवरची दुमड नसते, त्यामुळे बायकांच्या किमोनोप्रमाणे त्याची उंची जुळवून घेता येत नाही. माझ्या पतींची उंची सहा फूट असल्यामुळे त्यांच्यापुढे दोनच किमोनो ठेवण्यात आले. उंच पुरुषांनी आपले माप आधी कळवावे. ओबी पोटाखाली, कमरेच्या हाडांवर बांधतात आणि तो बांधला की माणूस आपोआप ताठ चालू लागतो. ते रूप त्यांना फार खुलले.

परत देताना कर्मचाऱ्यांनी बाह्यांची टोके आणि खालचा काठ उजेडात धरून तपासला. मुलीच्या उजव्या बाहीवर माचा, म्हणजे हिरव्या चहाच्या आइस्क्रीमचा बोटभर डाग होता. सकाळी आम्ही माणशी ५०० येनचे डागांचे संरक्षण घेतले होते, त्यात तो बसला आणि कोणी चकार शब्द काढला नाही. फाटलेल्या कपड्याला मात्र हे संरक्षण लागू नाही, असे फलकावर लिहिले होते. सासूबाईंनी दुकानातून निघण्यापूर्वी त्या नेसवणाऱ्या बाईंना आतून बोलावून घेतले आणि ओबीची गाठ पुन्हा एकदा सावकाश बांधून दाखवायला सांगितली. दुकान बंद व्हायची वेळ झालेली असतानाही त्यांनी ती दोनदा दाखवली.