घाण्याचं जवस तेल: ठेच्याला झकास, तव्यावरच्या मटणाला अजिबात नाही

वर्धा जिल्ह्यात राहून घाण्याच्या तेलाचं कौतुक नसलं तर नवल. मगनवाडी इथलीच. १९३४ साली तिथं गांधीजींचा ग्रामोद्योग संघ निघाला आणि त्या लोकांनी जुनी बैलघाणी सुधारून ‘वर्धा घाणी’ केली, हे आमच्या तालुक्याचा घाणेवाला प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवतो. त्याचा स्वतःचा घाणा मोटरवर फिरतो, पण उखळ लाकडीच आहे आणि तेल आपल्या डोळ्यांसमोर निघतं. मी घरचं दहा किलो जवस नेलं होतं. तीन लिटरच्या आसपास तेल आलं, ढेप गोठ्यात गेली.

दुकानात जवस तेलावर पाटी आहे: ‘फोडणी, तळण, सगळ्याले चालते’. माझं भांडण या पाटीशी.

झालं असं की नागपूरला हॉटेल मॅनेजमेंट शिकणारा भाचा दिवाळीला आला. म्हणे, “मामी, तुमच्या लोखंडी तव्यावर स्टेक करतो.” स्टेक म्हणजे तव्यावर भाजलेला मांसाचा जाड तुकडा. मुळात तो बीफचा, पण आमच्या चुलीवर बोकडच. कोवळ्या बोकडाच्या मांडीचा बिनहाडाचा, बोटभर जाडीचा तुकडा आणला. पोट्ट्यानं तो आधी फडक्यानं टिपून कोरडा केला, कारण ओलं मांस तव्यावर भाजत नाही, वाफेत शिजतं. पाटीवर भरवसा ठेवून मी तव्यात जवस तेल ओतलं.

मांस पडायच्या आधीच धूर. साधा नाही, डोळ्यांत झोंबणारा, रंगाच्या डब्यासारखा वास. सासूबाई ओसरीवरून ओरडल्या, “काहून वो, घर जाळता का?” भाच्याजवळ बंदुकीसारखं थर्मामीटर होतं. तव्यावर १२० अंश सेल्सियस. मांसाला तपकिरी खमंग थर धरायचा तर १४० च्या वर जावंच लागतं, तवा २०० च्या पुढे असला तर उत्तम. आणि कच्चं जवस तेल १०७ च्या सुमारासच धूर सोडतं. म्हणजे पाटीवरच्या तळणाचा हिशेबच चुकलेला.

तवा घासला, दुसरा तुकडा. घाण्याचं शेंगदाणा तेल बरं निघालं, पण तेही १६० च्या पुढे कुरकुरतं, आणि त्याचा वास मटणावर बसतो. लोण्यातला दुधाचा अंश करपतो, म्हणून ते ठेवलं बाजूला. घरचं म्हशीचं तूप २५० पर्यंत टिकतं आणि मला विचाराल तर चवीला तेच सगळ्यांत सरस. पण आमच्याकडे देवाच्या दिव्याचं तूप मटणाच्या तव्यात घालायला सासूबाईंची परवानगी नाही, विषय संपला.

शेवटी जिंकलं किराणा दुकानातलं रिफाइंड करडईचं तेल. ना वास, ना रंग, २६० पर्यंत शांत. चमचाभर तेल, तवा चांगला तापलेला, तुकडा ठेवला आणि हात लावला नाही. चुर्रर्र आवाज एकसारखा चालू. दोन मिनिटांनी उलटला तर खाली गुळाच्या रंगाचा थर, कडा किंचित कुरकुरीत. धाग्याच्या आडवं कापलं, वरून ठेचलेला लसूण, सांबार म्हणजे आपली कोथिंबीर, लिंबू. ह्यांनी तर्री नाही म्हणून तोंड वाकडं केलं आणि तीन तुकडे खाल्ले.

घाण्यावर मात्र मी परत जाणार. जवस तेल गडद काचेच्या बाटलीत देतात, हे बरोबर. उजेडानं ते लवकर खवट होतं. पण बाटलीवर काढल्याची तारीख नाही आणि मागच्या वेळची बाटली दीड महिन्यात कडवट झाली होती. थोडं थोडं घ्या. ज्वारीच्या कण्यांवर, मिरचीच्या ठेच्यावर कच्चंच घाला, आच लावू नका. शेंगदाणा तेलाला पाच तारे, जवसाला चार, पाटीला शून्य.

एक उपयोग मात्र भाच्यानं शिकवला. रिकाम्या तव्याला जवस तेलाचा अगदी पातळ हात फिरवून तापवलं, गार केलं, असं तीनदा. हे तेल वाळून चिवट पापुद्रा धरतं, म्हणूनच रंगात पडतं. तवा काळा कुळकुळीत झालाय, आता भाकरही चिकटत नाही. उरलेली अर्धी बाटली पोट्टा बॅटला चोळायला घेऊन गेला.