नकाशांना हसणाऱ्या लेखकाचे नकाशांनी भरलेले पुस्तक

पृथ्वीचे नकाशे काढणाऱ्यांचे आपल्याला हसू येते, असे हेरोडोटस आपल्या ग्रंथाच्या चौथ्या भागात लिहितो. हे लोक पृथ्वी कंपासने आखल्यासारखी गोल दाखवतात, तिच्याभोवती ओशनस नावाची नदी फिरवतात आणि आशिया व युरोप सारख्याच आकाराचे काढतात, अशी त्याची तक्रार आहे. त्याच हेरोडोटसच्या ग्रंथाची जी आवृत्ती आज इंग्रजी वाचकांत सर्वांत सोयीची मानली जाते, ती ‘द लँडमार्क हेरोडोटस’, तिच्यात 127 नकाशे आहेत. 2007 साली निघालेल्या या आवृत्तीचे संपादन रॉबर्ट स्ट्रासलर यांनी केले असून भाषांतर अँड्रिया पर्व्हिस यांचे आणि प्रस्तावना रोझलिंड थॉमस यांची आहे. मी तिची कागदी बांधणीची प्रत घेऊन पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचली, आणि मराठी वाचकाने ती घ्यावी का, एवढ्याच प्रश्नाचे उत्तर येथे द्यायचे आहे.

मूळ ग्रंथाविषयी थोडे सांगणे भाग आहे. हेरोडोटस हा इ. स. पू. 484 च्या सुमारास हॅलिकार्नासस येथे, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातील बोद्रुम येथे जन्मला. ग्रीक आणि पर्शियन यांच्यातील युद्धे, म्हणजे इ. स. पू. 490 ची मॅरेथॉनची लढाई आणि 480-479 मधील थर्मोपिली, सॅलॅमिस व प्लॅटीआच्या लढाया, हा त्याचा विषय. तो स्वतः त्या वेळी जन्मला नव्हता किंवा अगदी लहान होता, त्यामुळे त्याला जे मिळवायचे होते ते विचारूनच मिळवावे लागले. ग्रंथाच्या पहिल्याच वाक्यात आपल्या कामासाठी तो ‘हिस्तोरिए’ हा शब्द वापरतो. त्याचा अर्थ चौकशी, विचारपूस. आपला ‘इतिहास’ हा शब्द ‘इति ह आस’, म्हणजे ‘असे खरोखर घडले’, असा ठामपणे बोलतो. ग्रीक शब्द मात्र अजून प्रश्न विचारण्याच्या पायरीवर उभा आहे. पर्व्हिस यांनी त्यासाठी ‘रिसर्च’ हा शब्द योजला आहे. तो विद्यापीठाच्या वळणाचा वाटला तरी चुकीचा नाही, आणि ‘हिस्टरी’ हा शब्द टाळल्याबद्दल त्यांचे आभारच मानले पाहिजेत.

आता नकाशांकडे. या आवृत्तीत ते पुस्तकाच्या शेवटी एकत्र कोंबलेले नाहीत. ज्या प्रकरणात एखादे गाव, नदी किंवा जमात येते, तिथेच जवळपास तिचा नकाशा येतो, त्याला त्या भागाचा व प्रकरणाचा क्रमांक असतो, आणि प्रत्येक स्थळनामाखाली तळटीप देऊन कोणता नकाशा पाहावा हे सांगितलेले असते. हेरोडोटस वाचताना याचा केवढा उपयोग होतो हे पूर्वी साध्या आवृत्तीशी झगडलेल्या वाचकालाच कळेल. कारण नकाशा हाताशी नसलेला हा लेखक जागा समजावून सांगताना वेगळ्याच युक्त्या वापरतो. काळ्या समुद्रातील आजच्या क्रिमियाचा आकार सांगायचा असतो तेव्हा तो म्हणतो की अ‍ॅटिकाच्या, म्हणजे अथेन्सभोवतालच्या प्रदेशाच्या, टोकाला सूनियनची भूमी समुद्रात शिरते तसे हे समजा. आणि ज्यांनी अ‍ॅटिकाच्या त्या किनाऱ्याने कधी प्रवास केला नसेल, त्यांच्यासाठी लगेच इटलीच्या टाचेचा दुसरा दाखला देतो. समोर बसलेल्या श्रोत्यांत कोण कुठून आला आहे याचा अंदाज घेत बोलणाऱ्या माणसाची ही रीत आहे. या तिन्ही जागा नकाशांवर शोधून पाहिल्यावरच तो दाखला किती नेमका होता हे मला पहिल्यांदा उमगले.

तरीही त्याचा नकाशांवरचा अविश्वास लक्षात ठेवावा लागतो, आणि पाचव्या भागातील एक प्रसंग त्यासाठी पुरेसा आहे. आशियाच्या किनाऱ्यावरील मायलेटस या ग्रीक नगराचा अ‍ॅरिस्टॅगोरस पर्शियनांविरुद्ध मदत मागायला स्पार्टाचा राजा क्लिओमेनिस याच्याकडे येतो, तेव्हा त्याच्या हातात ब्राँझचा पत्रा असतो आणि त्यावर सगळी पृथ्वी, सगळे समुद्र व सगळ्या नद्या कोरलेल्या असतात. त्यावर बोट फिरवत तो एकेक संपन्न देश दाखवत जातो. सगळे कसे एकमेकांना लागून, हाताच्या अंतरावर. क्लिओमेनिस दोन दिवसांनी एवढाच प्रश्न विचारतो की समुद्रापासून पर्शियाच्या राजापर्यंत जायला किती दिवस लागतात. अ‍ॅरिस्टॅगोरसच्या तोंडून खरे निघून जाते, ‘तीन महिने’, आणि राजा त्याला सूर्यास्तापूर्वी स्पार्टा सोडायला सांगतो. यानंतर हेरोडोटस स्वतः हिशेब मांडतो: सार्डिसपासून पर्शियन राजाच्या सूसा या राजधानीपर्यंतचा राजमार्ग 450 पारासांग (पर्शियन अंतरमाप), म्हणजे 13,500 स्टेडिया (ग्रीक अंतरमाप), दिवसाला 150 स्टेडिया चालले तर 90 दिवस. अंतर हे पायांनी आणि दिवसांनी मोजायचे असते, पत्र्यावरच्या बोटाने नव्हे, हे त्याने कोणतेही तात्पर्य न जोडता सांगितले आहे. मोजमापांवरचे परिशिष्ट या आवृत्तीत असल्यामुळे हा हिशेब वाचकाला स्वतः तपासता येतो.

परिशिष्टे एकूण 21 आहेत आणि ती वेगवेगळ्या अभ्यासकांनी लिहिलेली आहेत. सगळी सारख्या तोलाची नाहीत. मला सर्वांत उपयोगी पडले ते ग्रीसवर चालून आलेला पर्शियाचा राजा झर्क्सीस याच्या सैन्याच्या संख्येविषयीचे. हेरोडोटस ही संख्या 52 लाख 83 हजार 220 अशी एककापर्यंत देतो. बखरींतल्या फौजांचे आकडे वाचलेल्या मराठी माणसाला याचे फारसे नवल वाटणार नाही. नवल वाटते ते पुढच्या मजकुराचे. या संख्येत स्वयंपाकिणी, सामानाची जनावरे आणि सैन्याबरोबर चाललेले हिंदुस्थानी कुत्रे धरलेले नाहीत, कारण ते मोजणे कुणालाच शक्य नाही, असे तो सांगतो, आणि मग माणशी एक खॉयनिक्स (धान्याचे छोटे ग्रीक माप) गहू धरून रोज 1,10,340 मेडिम्नॉस (मोठे माप) धान्य लागले असेल असा हिशेब करतो. एका मेडिम्नॉसमध्ये 48 खॉयनिक्स असतात, तेव्हा भागाकार थोडा चुकला आहे. पण अशक्य वाटणारी संख्या गिळण्याआधी तिचे जेवण मोजून पाहावे, हे या माणसाला सुचले होते.

मजकुराच्या समासात प्रत्येक प्रकरणाचा एका-दोन ओळींचा सारांश, आणि पानाच्या माथ्यावर वर्ष व स्थळ छापलेले आहे. संदर्भ शोधायला ही सोय उत्तम आहे. माझी मुख्य हरकतही तिच्यावरच आहे. हेरोडोटसपाशी इसवी सन पूर्वीची वर्षे नव्हती. तो राजांच्या कारकिर्दी मोजतो, तीन पिढ्यांची शंभर वर्षे धरतो, आणि झर्क्सीस अथेन्सला पोहोचला ते साल सांगताना ‘कॅलिआडीस तेव्हा अथेन्सचा आर्कन (वर्षापुरता मुख्य अधिकारी) होता’ एवढेच म्हणतो. माथ्यावरचे ‘480’ पाहत वाचणाऱ्याला कालगणना उभी करण्याची ही धडपड दिसत नाही. सारांशाचा दोष याहून मोठा आहे. ‘असे म्हणतात’, ‘मला हे पटत नाही’, ‘इजिप्तचे पुजारी सांगतात ते असे’ ही हेरोडोटसची खरी मुद्रा, आणि दोन ओळींच्या सारांशात नेमकी तीच गळते. फिनिशियन खलाशांनी आफ्रिकेला वळसा घातल्याची हकिकत याचे उत्तम उदाहरण आहे. पश्चिमेकडे जाताना सूर्य आपल्या उजव्या हाताला होता असे ते सांगत, आणि हेरोडोटस लिहितो की इतर कुणाला पटो, मला पटत नाही. आपल्याला तर याच तपशिलामुळे ते विषुववृत्ताच्या दक्षिणेला गेले असावेत असे वाटते. न पटलेली गोष्टही त्याने जशीच्या तशी नोंदवली म्हणून हा पुरावा उरला. सातव्या भागात तो हे तत्त्व स्पष्टच मांडतो: लोक जे सांगतात ते सांगणे माझे काम आहे, त्यावर विश्वास ठेवणे नव्हे. म्हणून समास वाचून ग्रंथ वाचल्याचे समाधान कुणी मानू नये.

हिंदुस्थानविषयीचा मजकूर तिसऱ्या भागात आहे: सोने उकरणाऱ्या मुंग्या, झाडांना लागणारी मेंढीच्या लोकरीहून सरस लोकर, म्हणजे कापूस, आणि पर्शियन साम्राज्याच्या विसाव्या प्रांताकडून दरवर्षी जाणारा 360 टॅलंट (वजनाचे माप) सोन्याच्या कणांचा खंडणीचा आकडा. पर्शियाचा राजा डरायस याने प्रेते जाळणाऱ्या ग्रीकांना आणि आईबापांचे प्रेत खाणाऱ्या कॅलॅटिए नावाच्या हिंदी लोकांना समोरासमोर उभे करून परस्परांच्या चालीची किंमत विचारल्याची गोष्टही तिथेच आहे. ग्रीक कोणत्याही किमतीला नकार देतात, आणि कॅलॅटिए तर किंकाळीच फोडतात. परक्यांच्या रूढींकडे अशा समभावाने पाहिल्याबद्दल प्लुटार्क या नंतरच्या ग्रीक लेखकाने पुढे त्याला ‘बार्बेरियनांचा कैवारी’ म्हणून हिणवले. (‘बार्बेरियन’ला आपल्याकडचा जवळचा शब्द ‘म्लेच्छ’, मुळात दोन्ही शब्द न समजणाऱ्या बोलीवरूनच आले.)

पर्यायांचा विचार केला तर जॉर्ज रॉलिन्सनचे 1858 पासून निघालेले भाषांतर आज फुकट वाचता येते. त्याचा भाऊ हेन्री 1827 साली कंपनीच्या नोकरीत मुंबईला आला होता. त्यानेच पुढे इराणमधील बेहिस्तूनच्या कड्यावरचा डरायसचा शिलालेख उतरवून उलगडला, आणि राज्य मिळवण्यासाठी डरायसने केलेल्या कटातील सहा साथीदारांपैकी पाच नावे हेरोडोटसने बरोबर दिली होती हे त्यातून दिसले. त्या भाषांतराला हेन्रीच्याही टिपा आहेत, पण भाषा जुनी आणि जड आहे. केवळ गोष्टींचा ओघ हवा असेल तर सेलिनकोर्ट यांचे, मॅरिंकोला यांनी सुधारलेले पेंग्विनचे भाषांतर हलके आणि अधिक रसाळ आहे. पर्व्हिस यांचे गद्य स्वच्छ आहे, तरी लिडियाचा राजा क्रीसस आणि अथेन्सचा ज्ञानी सोलोन यांच्या संभाषणात जो विसावा हवा तो त्यात कमी जाणवतो.

हे पुस्तक वजनाने इतके आहे की पडून वाचणे अशक्य, प्रवासात नेणे गैरसोयीचे. त्याच त्या गावांच्या तळटीपा पुन्हापुन्हा येतात आणि सलग वाचणाऱ्याला त्यांचा कंटाळा येतो. मधूनच एखादे प्रकरण उघडणाऱ्याला मात्र त्या लागतात. टेबल आणि वेळ असलेल्या वाचकाने ही आवृत्ती निःशंक घ्यावी, पहिल्या खेपेला समासावर कागदाची पट्टी ठेवून वाचावी, आणि पाचव्या भागातील तो ब्राँझचा पत्रा आला की शेजारचा नकाशा उघडून सार्डिस ते सूसा हे अंतर बोटाने मोजून पाहावे.