आण्णांचे आठ एमएमचे रोल आणि मारुती गल्लीतला स्टुडिओ

आमच्या आण्णांची निपाणीत तंबाखूची वखार होती आणि हाताशी आठ एमएमचा, घरगुती फिल्म काढायचा कॅमेरा. ते गेल्यावर पत्र्याच्या डब्यात अकरा रोल निघाले. त्यातले दोन मी आधी एका मोठ्या शहरातल्या दुकानात डिजिटल करायला दिले होते. पेनड्राइव्हवर माणसं तुरुतुरु पळताना दिसली आणि दोन्ही रोलांची सुरुवात-शेवट कापलेली. ‘तिथं नुसता पांढरा उजेड होता’ म्हणाले. फार जीव जळला.

कारण तोवर मुलानं मला पेतेर फोर्गाचचं काम दाखवलं होतं. बुडापेस्टचा कलावंत, जन्म १९५०चा. लोकांनी हौसेनं काढलेल्या घरगुती फिल्म जपायला त्यानं १९८३ मध्ये संग्रह उभारला आणि १९८८ पासून त्यातूनच ‘खासगी हंगेरी’ ही माहितीपटांची मालिका केली. तो चित्र हळू करतो, मध्येच थांबवतो. पुढं युद्ध येणार हे आपल्याला ठाऊक असतं, पडद्यावर हसणाऱ्यांना नसतं. ‘डॅन्यूब एक्झोडस’ या त्याच्या माहितीपटातलं चित्रण तर डॅन्यूब नदीवरच्या बोटीच्या कप्तानानंच केलेलं. १९३९ मध्ये काळ्या समुद्राकडे निघालेले ज्यू, १९४० मध्ये त्याच बोटीतून येणारे बेसाराबियातले, म्हणजे आजच्या मोल्दोव्हा-युक्रेनकडच्या मुलखातले जर्मन. दोन्ही खेपांना घरदार सुटलेली माणसं. ते बघितल्यापासून आण्णांचा डबा मला नुसता डबा वाटेना.

उरलेले नऊ रोल बेळगावात मारुती गल्लीतल्या एका जुन्या फोटो स्टुडिओत नेले. मालक घरात कन्नड बोलणारे, माझ्याशी मराठीत. एक रोल नाकाशी धरून म्हणाले, “आक्का, ह्याला आंबूस वास मारायलाय. हा पहिला करूया.” अशी फिल्म सडू लागली की व्हिनेगरसारखा वास येतो, ती आक्रसते आणि प्रोजेक्टरात फाटते. म्हणून ते एकेक फ्रेम वेगळी टिपतात. ५० फुटी रोलात ४,००० फ्रेम, सेकंदाला १६च्या वेगानं जेमतेम चार मिनिटं. तो वेग त्यांनी राखला आणि टोकांचा पांढरा उजेडही.

एका रोलात आई वखारीच्या दारात पदर सावरत हसते. मी आईच बघत होते. मालकांनी तेवढा तुकडा हळू करून दाखवला, तेव्हा मागं तंबाखू चाळणाऱ्या बायका दिसल्या. एकीनं नाकातोंडावर पदर बांधलाय, चाळण थांबवून ती थेट कॅमेऱ्याकडे बघते. पुढच्याच फ्रेममध्ये मान खाली. तिचं नाव सांगणारं आता घरात कुणी नाही.

रोलमागं ९०० रुपये पडले, ते मला जास्त वाटले नाहीत. वेळ मात्र फार लागला. तीन आठवडे म्हणाले होते, सात झाले, आणि फोन उचलत नाहीत, दुकानातच जावं लागतं. पावसाळ्यात रोल घेऊन जाऊ नका, दमट हवेत ते उघडायला मालक तयार नसतात. आधी त्या शहरात दिलेले माझे दोन रोल त्यापायीच राहिलेत, दसरा झाला की देणार आहे.